काल्पनिक काळाचा सिद्धांत आणि पानिपतचा अनुनाद

ललितकृतीत शास्त्रीय सिद्धांताला स्थान असते काय, आणि असल्यास तो खरा असण्याची आवश्यकता आहे काय, हा प्रश्न मराठी विज्ञानकथेच्या संदर्भात वारंवार उपस्थित होतो; आणि त्याचे उत्तर बहुधा घाईने दिले जाते. एक पक्ष म्हणतो की विज्ञानकथेतील विज्ञान खरे असले पाहिजे, नाहीतर ती परीकथा होय. दुसरा पक्ष म्हणतो की कथा ही अखेर कथाच असते, तिच्यातील विज्ञान हे नाटकातील पडद्यासारखे मागे टांगलेले असते, आणि पडदा खरा आहे की खोटा याची चौकशी रसिकाने करू नये. ह्या दोन पक्षांत वरवर विरोध दिसला तरी एक गृहीत दोघांनाही समान आहे. सिद्धांत हा कथेबाहेरून आणलेला पदार्थ आहे, असे दोघेही मानतात. परंतु केवळ एका कथेसाठी रचलेला, त्या कथेच्या जगापुरताच लागू पडणारा सिद्धांत ललितकृतीच्या अंतरंगात नेमके कोणते कार्य करतो, ह्या प्रश्नाला दोन्ही पक्ष बगल देतात. ह्या प्रश्नाचा विचार करण्यास जयंत नारळीकर ह्यांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' ह्या कथेइतके सोयीचे उदाहरण मराठीत दुसरे नाही.

नारळीकरांचा (१९३८–२०२५) कथालेखनातील प्रवेश हाच मुळी एका उलट्या आरशातून झाला. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या विज्ञानकथा-स्पर्धेसाठी त्यांनी 'कृष्णविवर' ही कथा पाठविली, ती स्वतःची आद्याक्षरे उलटी करून तयार केलेल्या 'नारायण विनायक जगताप' ह्या नावाने. १९७५ च्या कराड येथील साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदावरून दुर्गा भागवत ह्यांनी ह्या नव्या वाटेची दखल घेतली. 'यक्षांची देणगी' हा संग्रह १९७९ साली प्रसिद्ध झाला, आणि २०२१ मध्ये नाशिकच्या संमेलनाचे अध्यक्षपद ह्याच लेखकाकडे आले. खगोलशास्त्रज्ञाच्या ह्या कथांकडे पाहताना समीक्षेने बहुधा त्यांच्या प्रबोधनकार्याचा गौरव केला. त्यांच्या रचनेचे विश्लेषण मात्र त्या मानाने थोडे झाले.

प्रस्तुत कथेचा सांगाडा थोडक्यात असा. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे पुण्याहून मुंबईस निघतात आणि हळूहळू त्यांच्या ध्यानात येते की हे जग आपले नव्हे. ह्या जगात ईस्ट इंडिया कंपनी अद्याप हयात आहे. तिच्या मुंबईतील इमारती दिमाखाने उभ्या आहेत. आणि ज्या कचेरीत पंतांचा मुलगा असावयास हवा तेथे त्या नावाचा कोणी मनुष्यच नाही. एशियाटिक सोसायटीच्या ग्रंथालयात बसून पंत स्वतःच्याच नावावर असलेला इतिहासग्रंथ चाळतात, तेव्हा फाटा कोठे फुटला हे त्यांना कळते. १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतच्या रणात विश्वासरावांना लागलेली गोळी ह्या जगात त्यांच्या कानाजवळून निसटून गेली आहे. त्यामुळे मराठे विजयी झाले. माधवराव आणि विश्वासराव ह्या बंधूंनी मिळून राज्य सावरले. रघुनाथरावांना राजकारणातून निवृत्त व्हावे लागले. आणि कंपनीचा अंमल मुंबई, कलकत्ता व मद्रास ह्यांच्या आसपास आकसून राहिला. पुढे आझाद मैदानावरील एका सभेत अध्यक्षाच्या रिकाम्या खुर्चीवर पंत सवयीने जाऊन बसतात, श्रोते खवळतात, आणि त्या गोंधळात पंत त्या जगातून नाहीसे होऊन आपल्या जगात परत येतात. खिशात राहिलेले बखरीचे एक फाटके पान एवढाच त्यांच्या प्रवासाचा पुरावा उरतो.

कथेचा सिद्धांत येतो तो ह्यानंतर, पंतांचे शास्त्रज्ञ मित्र राजेंद्र देशपांडे ह्यांच्या तोंडून. आणि तो तीन पायऱ्यांनी येतो. ह्या तीन पायऱ्या वेगळ्या करून पाहणे आवश्यक आहे, कारण त्यांचा दर्जा सारखा नाही.

पहिली पायरी 'कॅटॅस्ट्रोफी थिअरी'ची, म्हणजे आकस्मिक स्थित्यंतराच्या गणिती सिद्धांताची. फ्रेंच गणिती रने थॉम ह्यांनी १९७२ साली ग्रंथरूपाने मांडलेला हा सिद्धांत असे दाखवितो की कारणे संथपणे, थेंबाथेंबाने बदलत असताना परिणाम मात्र एका क्षणी उडी मारू शकतो. फांदीवरचे वजन हळूहळू वाढवीत गेल्यास ती वाकत जाते आणि मग एकाएकी मोडते. मोडण्याच्या आधीच्या शेवटच्या कणात आणि त्याच्या अलीकडच्या कणात काही फरक नसतो, पण फळ सर्वस्वी भिन्न असते. तुल्यबळ सैन्ये झुंजत असताना सेनानायकाच्या पडण्याने सैन्याचा धीर सुटावा, हे ह्या चौकटीत सहज बसते. ही कल्पना १९७० च्या दशकात सामाजिक शास्त्रांपर्यंत सढळ हाताने वापरली गेली आणि त्या सढळपणावर गणितज्ञांनी टीकाही केली. तरीही पहिली पायरी मान्य विज्ञानाच्या भूमीवर उभी आहे असे म्हणता येईल.

दुसरी पायरी पुंजवादाची. इलेक्ट्रॉन अमुक क्षणी अमुक ठिकाणीच असेल असे सांगता येत नाही. निरनिराळ्या ठिकाणी तो सापडण्याच्या शक्यता तेवढ्या सांगता येतात. १९५७ साली अमेरिकन शास्त्रज्ञ ह्यू एव्हरेट ह्यांनी असे सुचविले की ह्या शक्यतांपैकी एक खरी ठरून बाकीच्या मावळतात असे मानण्याचे कारण नाही. सर्वच शक्यता आपापल्या शाखेत साकार होतात, फक्त एका शाखेतील निरीक्षकाला दुसरी दिसत नाही. ही दुसरी पायरी विज्ञानातील एक वादग्रस्त पण प्रतिष्ठित भाष्य होय.

तिसरी पायरी मात्र शुद्ध निर्मिती आहे. एका शाखेतून दुसरीत जाता येते, आणि जाण्याची कळ मनुष्याच्या मेंदूत असू शकते, असे राजेंद्र सुचवितात. मालमोटारीशी टक्कर झाली त्या क्षणी पंत कॅटॅस्ट्रोफी सिद्धांताचा इतिहासाशी असलेला संबंध मनात घोळवीत होते. पानिपतचा निकाल वेगळा लागता तर काय झाले असते, हा प्रश्न त्यांना पडला होता. आणि तो विचारच त्यांना पलीकडे नेणारा चाप ठरला. ह्या विधानाला कोणत्याही प्रयोगशाळेचा आधार नाही, आणि लेखकाने तसा आभासही निर्माण केलेला नाही. राजेंद्रांचे बोलणे तर्काच्या स्वरात आहे, निर्णयाच्या नव्हे.

ह्या तीन पायऱ्यांच्या जोडणीत एक सांधा आहे, आणि तो डोळसपणे पाहिला पाहिजे. इलेक्ट्रॉनचे अनिश्चितपण समजावताना राजेंद्र जो विरोधी दृष्टांत देतात तो बंदुकीच्या गोळीचा आहे. गोळी कोणत्या दिशेने व किती वेगाने सुटली हे ठाऊक असल्यास ती पुढे कोठे असेल हे निश्चित सांगता येते. इलेक्ट्रॉनविषयी तसे सांगता येत नाही. आता ज्या घटनेवर संपूर्ण कथा फिरते ती घटना म्हणजे नेमकी एका बंदुकीच्या गोळीचा मार्ग होय. जी वस्तू सिद्धांताने निश्चिततेचा नमुना म्हणून पुढे केली, तिच्याच अंगी कथेने अनिश्चितता लादली आहे. सूक्ष्म कणांच्या जगातील मुभा स्थूल वस्तूंना देण्याची ही झेप विज्ञानाने घेतलेली नाही, ती कथेने घेतली आहे. काटेकोर परीक्षक ह्याला दोष म्हणेल. परंतु साहित्याच्या दृष्टीने पाहता हीच झेप ह्या कथेचा प्राण आहे. आणि ती एकदाच घेतलेली आहे, हे तिचे शील आहे. एक नियम मोडल्यावर लेखक बाकीचे सर्व नियम पाळतो. दुसऱ्या जगात आगगाड्या वेळापत्रकाने धावतात, ग्रंथालयातील पुस्तके क्रमाने लावलेली असतात, आणि सभेचे श्रोते सभेच्या श्रोत्यांप्रमाणेच वागतात. काल्पनिक सिद्धांताची कसोटी त्याच्या सत्यतेत नसून त्याच्या संयमात असते, हे ह्यावरून दिसून येते.

तथापि संयमी रचनेने कथा विश्वसनीय होते, हृदयस्पर्शी होत नाही. ह्या कथेने मराठी वाचकाला जे हेलावून सोडले ते केवळ तिच्या तर्कामुळे नव्हे. येथे पदार्थविज्ञानातील दुसरी एक कल्पना विचारार्थ घ्यावी लागते. सतारीच्या पडद्यांखाली ज्या तरफेच्या तारा असतात त्यांना वादक प्रत्येक वेळी स्पर्श करीत नाही. वरची मुख्य तार छेडली की खालच्या तारांपैकी जी त्याच स्वराला लावलेली असेल तीच आपोआप झणकारते. बाकीच्या स्तब्ध राहतात. ह्यालाच संस्पंदन किंवा अनुनाद म्हणतात. आघात किती मोठा होता ह्यावर अनुनाद अवलंबून नसतो, तर घेणारी तार कोणत्या स्वराला मिळविलेली आहे ह्यावर असतो. १८३१ साली इंग्लंडात मँचेस्टरनजीकचा ब्रॉटन येथील झुलता पूल सैनिकांच्या एका तुकडीने तालात टाकलेल्या पावलांनी कोसळला. पावले हलकी होती, पण ताल पुलाचा होता.

कथेतील सिद्धांत ही वरची तार आहे, आणि वाचकाची स्मृती ही तरफेची. मराठी भाषेत ही तार फार पूर्वीपासून लावलेली आहे. एखाद्या कार्याचा पुरता विध्वंस झाला की त्याचे 'पानिपत झाले' असे म्हणतात. कोणावर भरवसा ठेवावा असे सुचविले गेले की 'विश्वास पानिपतात गेला' असे उत्तर मिळते. आणि उत्तर देणाऱ्याच्या ध्यानीमनी नसतानाही सतरा-अठरा वर्षांच्या त्या पेशवेपुत्राचे नाव त्याच्या ओठावर येऊन जाते. मोती, मोहरा आणि खुर्दा अशा सांकेतिक शब्दांत पोचलेली हानीची वार्ता शाळकरी मुलांनाही ठाऊक असते. त्र्यंबक शंकर शेजवलकरांनी 'पानिपत : १७६१' ह्या ग्रंथात त्या मोहिमेची चिकित्सा केली, आणि विश्वास पाटील ह्यांच्या १९८८ च्या 'पानिपत' कादंबरीने ती घराघरांत नेली. ज्या समाजाच्या बोलण्यातच एक 'जर' रुतून बसला आहे, त्या समाजापुढे 'तर' शास्त्राच्या भाषेत मांडला गेला, तेव्हा जी तार झणकारली ती त्या भाषेच्याच गाभ्यातील होती. कथेच्या शीर्षकातही हाच श्लेष आहे, कारण सभेच्या व्यासपीठावर गंगाधरपंतांचे जे होते त्यालाही मराठीत 'पानिपत' हाच शब्द आहे.

ह्या विधानाची परीक्षा मराठी स्मृतीच्या सीमेवर उभे राहून घेता येते. जेथे मराठी कुटुंबे पिढ्यान् पिढ्या नांदली आहेत, परंतु जेथील भूमीची स्मृती मराठी नाही, असे एक नगर म्हणजे नर्मदेकाठचे जबलपूर. ह्या प्रदेशालाही स्वतःचा एक निर्णायक क्षण आहे. २४ जून १५६४ रोजी, अकबराचा सरदार असफखान ह्याने गढा राज्यावर स्वारी केली असता, राणी दुर्गावती जबलपूरजवळच्या नर्रई येथे लढता लढता पडली. पहिल्या दिवशी तिची सरशी झाली होती. त्याच रात्री शत्रूवर छापा घालावा असा तिचा आग्रह होता. तिच्या सरदारांनी तो मानला नाही. दुसऱ्या दिवशी असफखानाच्या तोफा येऊन पोचल्या. राणीच्या कानशिलात एक बाण रुतला, दुसरा मानेत. आणि जिवंतपणी शत्रूच्या हाती सापडू नये म्हणून तिने स्वतःच्या हाताने कट्यार चालविली. मागील नाला पुराने ऐन वेळी दुथडी भरला आणि परतीची वाट बंद झाली, असे स्थानिक परंपरा सांगते.

कॅटॅस्ट्रोफी सिद्धांताच्या दृष्टीने नर्रईचा बाण आणि पानिपतची गोळी ह्यांत तिळमात्र भेद नाही. दोन्हीकडे तोललेला प्रसंग आहे, दोन्हीकडे नायकाच्या देहावरचा एक लहानसा आघात आहे, दोन्हीकडे एका राज्याची दिशा पालटते. पंतांच्या जागी जबलपूरचा एखादा इतिहासकार कल्पून, बाण कानाजवळून निसटला असे लिहिल्यास राजेंद्रांचे स्पष्टीकरण एक अक्षरही न बदलता लागू पडेल. पण पुण्यात वाढलेल्या मराठी वाचकाच्या अंगावर त्या वाक्याने काटा उभा राहील काय? तो कथा समजेल, तिची वाहवाही करील, परंतु त्याची तार स्तब्ध राहील. झणकारेल ती गोंडवनातील वाचकाची, ज्याच्या गावच्या विश्वविद्यालयाला राणीचे नाव आहे आणि ज्याच्या भूमीत १८५७ साली राजा शंकरशहा व रघुनाथशहा ह्या पितापुत्रांना तोफेच्या तोंडी देण्यात आले. सिद्धांत तोच असताना परिणाम पालटतो. ह्याचा अर्थ असा की सिद्धांत हे परिणामाचे साधन आहे, उगम नव्हे.

जबलपूरचे उदाहरण येथेच थांबत नाही. ते कथेला आणखी एक प्रश्न विचारते, आणि तो अधिक अवघड आहे. पानिपतच्या सैन्याला रसद पुरविण्याचे काम ज्यांच्यावर होते ते गोविंदपंत बुंदेले १७६० च्या डिसेंबरात मारले गेले. त्यांच्या कर्तृत्वाचे क्षेत्र सागर. पुढे १७८१ मध्ये ह्याच सागरच्या मराठ्यांनी गढा-मंडल्याच्या अखेरच्या राजाला पदच्युत केले आणि जबलपूर मराठी अंमलाखाली आले. १७९८ मध्ये पेशव्यांनी मंडला व नर्मदेचे खोरे नागपूरकर भोसल्यांना दिले, आणि १८१७ च्या डिसेंबरात ते इंग्रजांच्या हाती गेले. पानिपतानंतरच्या पडझडीतून आणि सावरण्यातून जी वाकडीतिकडी रेषा निघाली ती जबलपूरवरून गेलेली आहे, आणि तेथील मराठी वस्तीचा आरंभही ह्याच रेषेवर कोठेतरी सापडतो. तेव्हा विश्वासराव वाचले असते तर काय झाले असते, ह्याचे एक उत्तर असेही आहे की जबलपूरच्या मराठी घरात बसून ही कथा वाचणारा वाचक कदाचित त्या घरात नसता. विजयाच्या जगात त्याची गत पंतांच्या मुलासारखी झाली असती. कचेरीच्या नामावलीत पाहावे, आणि तेथे नावच नसावे.

कथेतील हा बारकावा बहुधा दुर्लक्षिला जातो. ज्या जगात मराठ्यांची सत्ता टिकली त्याच जगात गंगाधरपंतांचा पुत्र नाही. लेखकाने त्यावर भाष्य केलेले नाही, विलापही केलेला नाही. एक चौकशी आणि एक नकार, एवढ्यात तो प्रसंग आटोपला आहे. परंतु काल्पनिक काळाच्या सिद्धांताचे नैतिक तात्पर्य त्या नकारात साठविलेले आहे. भूतकाळातील एक गोळी चुकविली की वर्तमानातील असंख्य माणसे, त्यांत स्वतःची माणसेही, हिशेबातून पुसली जातात. 'तसे झाले असते तर' असे म्हणणारा मनुष्य आपण स्वतः मात्र जसेच्या तसे राहू, असे नकळत गृहीत धरीत असतो. सिद्धांत हे गृहीत काढून घेतो. आणि मराठी विजयाचे जग गोंडांच्या दृष्टीने कसे असते, ह्याचा विचार केल्यास तो विजय कोणाचा, हा प्रश्नही उभा राहतो. एकाच्या स्मृतीतील जखम दुसऱ्याच्या स्मृतीत कधी कधी शस्त्र म्हणून असते.

येथे असा आक्षेप संभवतो की परिणाम जर स्मृतीवरच अवलंबून असेल, तर अशी कथा ही शास्त्राचा अंगरखा घातलेली भावविवशता ठरेल. ह्या आक्षेपाचे उत्तर सिद्धांताच्या कार्यातच आहे. पोवाडाही तीच तार छेडतो. पण तो तिला मोकळे सोडतो. नारळीकरांची कथा तार छेडून लगेच तिच्यावर बोट ठेवते. वाचकाचा ऊर भरून येण्याच्या बेतात असताना त्याला संभाव्यतेचे गणित समजावून घ्यावे लागते. आणि गणिताने तो कोरडा पडण्याच्या बेतात असताना खिशातून ते फाटके पान निघते. शिवाय कथानायकाचे चित्रण उपरोधाने केलेले आहे. नऊशे नव्याण्णव सभांचे अध्यक्षपद भूषविलेल्या पंतांना दुसऱ्या जगातील श्रोते अध्यक्ष म्हणून क्षणभरही सहन करीत नाहीत. आणि परतल्यावर पंत हजाराव्या सभेचे अध्यक्षपद नाकारतात. इतिहासाच्या दुसऱ्या शाखेतून ते जे घेऊन आले ते साम्राज्य नव्हे, थोडी विनम्रता होय. शोकाचे रूपांतर जिज्ञासेत करणे आणि जिज्ञासेला शोकाची ऊब देणे, ही दुहेरी क्रिया ह्या काल्पनिक सिद्धांतामुळेच शक्य झाली आहे.

ह्या कथेचे इंग्रजी रूप 'दि ॲडव्हेंचर' ह्या नावाने इयत्ता अकरावीच्या 'हॉर्नबिल' ह्या राष्ट्रीय पाठ्यपुस्तकात समाविष्ट झाले, आणि पानिपतची मराठी स्मृती नसलेल्या, देशभरच्या विद्यार्थ्यांपर्यंत ती पोचली. शीर्षकातील श्लेष भाषांतरात गळाला, आणि विश्वासरावांच्या नावातील दुसरा अर्थही. तरीही सिद्धांत शाबूत राहिला, आणि त्याबरोबर एक रिकामी जागाही. त्या जागी प्रत्येक प्रदेशाचा वाचक आपला स्वतःचा क्षण ठेवू शकतो. जबलपूरच्या विद्यार्थ्याला त्यासाठी फार दूर जावे लागत नाही. राणीची समाधी त्याच्या गावापासून काही मैलांवरच आहे. मराठी कथेने मराठी दुःखासाठी रचलेला सिद्धांत दुसऱ्याच्या दुःखालाही लागू पडावा, ही त्या सिद्धांताची शास्त्रीय सिद्धी नसेल, पण वाङ्मयीन सिद्धी खचित आहे.